वाया जाणारे दहा टक्के

माझं कामच मोजमापाचं.
संडरलँडमध्ये, नदीकाठच्या ऑफिसात,
न बांधलेल्या इमारतींच्या विटा मी मोजते.
नकाशावर बोट ठेवून सांगते: इतकं सिमेंट, इतकी खडी,
आणि दहा टक्के वाया जाणार, ते धरून चाला.

तर सहाव्या महिन्यात, एका रविवारी,
निनाद भांडी घासत असताना
मी लॅपटॉप उघडून तुझा अंदाज काढला.
पहिला महिना, दिवसाला बारा नॅपी: तीनशे साठ.
पुढचे पाच महिने आठ-आठ: बाराशे.
मग वर्ष भरेपर्यंत रोज सहा,
अकराशे दहा.
वर माझे नेहमीचे दहा टक्के:
अंधारात उलटी लागलेली,
चिकटपट्टी तुटलेली,
लावता लावताच भरलेली.
एकूण दोन हजार नऊशे सदतीस.
नऊ पेन्सला एक, सुपरमार्केटचा घरचा ब्रँड.
दोनशे चौसष्ट पौंड तेहतीस पेन्स.

इचलकरंजीहून आई फोनवर म्हणाली,
"तीन हजार? अगं, तुझं अख्खं बाळपण
दोन डझन लंगोटांत आणि एका दोरीवर निघालं."
मी म्हटलं, आई, इथं नोव्हेंबरात
दोरीवर काही वाळत नाही, नुसतं गारठतं.
"मग अंथरूण पाहून पाय पसरा."
पण पाय तर अजून पोटात होते,
आणि रात्रभर पसरत होते.

सेल लागला तेव्हा सहा खोकी आणली, एक नंबरची.
जिन्याखाली रचली.
गॅसचा मीटर दिसेनासा झाला.

तू एकतिसाव्या आठवड्यात आलीस.
एक किलो चारशे.
माझ्या तक्त्यात असा रकानाच नव्हता.

तिथली नॅपी पत्त्यांतल्या पानाएवढी.
ती कुठे मिळते, काय भावानं,
मी विचारलं नाही.
काचेच्या पेटीला दोन गोल खिडक्या,
त्यांतून कोपरापर्यंत हात घालायचा.
ग्लेनिस, सगळ्यांना 'पेट' म्हणणारी नर्स,
काढलेली नॅपी फेकायची नाही,
आधी काट्यावर ठेवायची.
कोरडी नऊ ग्रॅम. आताची नऊ.
चार तासांनी, नऊ.
कधी कधी वेळ लागतो, पेट, ती म्हणाली,
आणि माझ्याकडे न बघता हातमोजे बदलले.
मी खुर्चीत बसून होते,
काहीही न मोजता.
छताच्या फरशासुद्धा नाही.

पहाटे पावणेचारला काटा अकरावर थांबला.
दोन ग्रॅम.
ग्लेनिसनं आकडा पेनानं लिहिला
आणि खाली एक रेघ मारली, जिची काही गरज नव्हती.
मी निनादला फोन लावला.
"काय झालं?" तो दचकून उठला होता.
"शू झाली."
पलीकडे बराच वेळ कोणी बोललं नाही,
मग नाक ओढल्याचा आवाज,
मग, "किती?"

एक्केचाळीस दिवसांनी घरी आलो.
एक नंबर तुला बगलेपर्यंत यायचा,
मांड्यांतून गळायचा.
बारा नाही, दिवसाला चौदा लागल्या.
दोन खोकी चर्चमधल्या कपाटात गेली, ज्यांना परवडत नाही त्यांच्यासाठी,
आणि पुढच्याच महिन्यात आम्ही तीच विकत आणत होतो, दहा पेन्सनं.
आईनं पाठवलेले साडीचे लंगोट
माझ्या खांद्यावर असतात, दुधाच्या गुळण्या टिपायला.
ऑफिसात अंदाज इतका चुकला असता
तर कंत्राट गेलं असतं.

तक्ता अजून आहे. दुरुस्त केलेला नाही.
फक्त रात्री, दिवा न लावता,
तुझी भरलेली नॅपी गुंडाळून
डब्यात टाकण्याआधी
क्षणभर तळहातावर तोलते.
चाळीस असेल. पन्नास.
जड आहे गं, पेट.